नायकाची आई व्हायचं का?

*ताई,*

*मी मूळची सांगलीची, वय 33. कॉलेजात एकांकिका स्पर्धा गाजवल्या, मग मुंबईला आले. एका मालिकेत लीड होते, ती वर्षभरात बंद पडली. नंतर नायिकेची बहीण, नायकाची वहिनी, मधे एक निगेटिव्ह. शेवटची मालिका मार्चमध्ये संपली, तेव्हापासून घरी आहे. मीरा रोडला मैत्रिणीबरोबर भाड्याने राहते. ऑडिशन्स चालू आहेत, पण गेली दोन वर्षं लीडसाठी फोन आलेला नाही.*

*आता एका नव्या डेली सोपची ऑफर आहे. रोल नायकाच्या आईचा. नायक करणारा मुलगा 28 वर्षांचा आहे, ताई! मालिकेच्या स्टोरीचं बघणारी क्रिएटिव्ह म्हणते, 'फ्लॅशबॅकमध्ये तू तरुण दिसशीलच, आणि आमची आई ग्लॅमरस आहे.' मैत्रिणी म्हणतात, एकदा आई केलीस की संपलीस. करार दोन वर्षांचा, 'एक्सक्लुझिव्ह' आहे. शूट ऑक्टोबरपासून. त्यातच एका सिनेमात सहा दिवसांचं काम आलंय, नोव्हेंबरमध्ये, कोकणात. रोल छोटा, पण दिग्दर्शक चांगला.*

*अजून दोन गोष्टी. मागच्या प्रॉडक्शनकडे माझे दोन महिन्यांचे पैसे अडकलेत. मागितले तर नाव खराब होईल अशी भीती वाटते. आणि टीडीएस कापतातच, म्हणजे टॅक्सचं मला वेगळं काही बघायला नको ना?*

*आई रोज फोनवर विचारते, 'अजून किती दिवस?' काय सांगू?*

*— स., मीरा रोड*

प्रिय स.,

रोल घे. पुढचं वाचायचा कंटाळा आला तर एवढं पुरे आहे. कंटाळा नसेल तर बस जरा, कारण खरी मेख करारात आहे आणि तुझ्या एवढ्या मोठ्या पत्रात करारावर जेमतेम दीड ओळ आहे.

आधी आईच्या रोलचं. मैत्रिणी खोटं बोलत नाहीत, शिक्का बसतो. कास्टिंगवाल्यांच्या फोनमध्ये याद्या असतात, त्यात 'लीड' वेगळी आणि 'मदर' वेगळी. एकदा तुझा फोटो दुसऱ्या यादीत गेला की पहिल्या यादीचा फोन तुला येत नाही. पण तूच लिहितेस की तो फोन गेली दोन वर्षं येतच नाहीये. मग जपतेयस काय? मालिकेची नायिका विशी-पंचविशीतली शोधतात. तिशी ओलांडलेली एखादी नायिका दिसते तेव्हा बहुतेक वेळा ती आधीच घराघरात पोचलेलं नाव असते. नायक मात्र चाळिशीतही चालतो, आणि त्याच्या जोडीला बावीस वर्षांची मुलगी उभी करताना कुणाला काही वाटत नाही. याचा मलाही संताप येतो. पण संताप करणं आणि भाडं भरणं ही दोन्ही कामं आपल्याला एकाच महिन्यात करावी लागतात.

रोहिणी हट्टंगडींकडे बघ. 1982 साली 'गांधी' आला तेव्हा त्या जेमतेम तिशीच्या होत्या. पुण्याच्या, एनएसडीतून, म्हणजे दिल्लीच्या राष्ट्रीय नाट्य विद्यालयातून, शिकून आलेल्या. तरुण कस्तुरबांपासून आगाखान पॅलेसमधल्या अखेरच्या कस्तुरबांपर्यंत सगळी वयं त्यांनी एका सिनेमात केली आणि त्यासाठी बाफ्टा हा ब्रिटिश सिनेपुरस्कार मिळवला. त्यानंतर हिंदी सिनेमाने त्यांना प्रामुख्याने काय दिलं? आया. 1990 च्या 'अग्निपथ'मध्ये त्या अमिताभ बच्चनची आई आहेत, आणि अमिताभ त्यांच्याहून आठ वर्षांनी मोठे! तुझ्या नायकापेक्षा तू निदान पाच वर्षांनी मोठी आहेस. म्हणजे शिक्का त्यांच्यावर पुरेपूर बसला. पण 2001 मध्ये ईटीव्ही मराठीवर 'चार दिवस सासूचे' सुरू झाली, दहा वर्षांहून जास्त चालली, तिचे तीन हजारांवर भाग झाले. त्या मालिकेतली सासू त्यांनीच उभी केली. आणि 2023 मध्ये 'बाईपण भारी देवा' आला तेव्हा सत्तरी ओलांडलेल्या रोहिणीताई त्या सहा बहिणींपैकी एक होत्या. मराठीतल्या सर्वाधिक कमाई केलेल्या सिनेमांपैकी तो एक, आणि त्यात विशीतली नायिका केंद्रस्थानी नव्हतीच.

तू म्हणशील, ताई, त्या रोहिणी हट्टंगडी आहेत. मान्य. मग जरा जवळचं उदाहरण घे. अमृता सुभाष. एनएसडी केलं, नाटक केलं, झी मराठीवर 'अवघाचि संसार'सारखी रोजची मालिकाही केली. 2019 च्या फेब्रुवारीत आलेल्या 'गली बॉय'मध्ये ती रणवीर सिंगची आई होती, वयातला फरक सहा वर्षांचा. त्याच वर्षी ऑगस्टमध्ये 'सेक्रेड गेम्स' या वेब सिरीजच्या दुसऱ्या सीझनमध्ये ती रॉची अधिकारी म्हणून उभी राहिली, आणि तो रोल नायकाच्या आईचा नव्हता. 'गली बॉय'साठी फिल्मफेअर मिळालं ते वेगळंच. आईच्या भूमिकेने तिचं काही संपलं नाही, कारण तिने ती आई अशी केली की पुढचं काम देणाऱ्याला तिच्यात नटी दिसली.

(ललिता पवारांना तर निवड करायची मुभाच मिळाली नाही. 1942 च्या सुमारास सेटवर एका प्रसंगात थप्पड जोरात बसली, डोळा कायमचा अधू झाला, नायिकेची कामं गेली. त्यानंतर त्यांनी जे केलं त्यावरच आज आपण त्यांना ओळखतो. रामानंद सागरांच्या 'रामायण'मधली मंथरा हे त्याच बाईचं काम, आणि ते पहिल्या सिनेमानंतर जवळपास साठ वर्षांनी.)

आता तुझी ही आई कोणत्या तऱ्हेची आहे ते शोधून काढ. क्रिएटिव्हला 'रोल किती मोठा आहे?' असं विचारू नकोस. सगळे रोल सुरुवातीला मोठेच असतात. असं विचार की, पहिल्या तीन महिन्यांच्या स्टोरीत या बाईला स्वतःला काय हवंय? तिच्यामुळे घडतं असं काय आहे? फ्लॅशबॅक आहे म्हणतात, म्हणजे तिच्या पोटात काहीतरी गुपित आहे. ते गुपित उघड व्हायला किती एपिसोड लागणार, आणि त्यानंतर ती काय करणार? उत्तर नीट आलं तर उत्तम. 'ती खूप सोशिक आहे, पूर्ण घर तिच्याभोवती फिरतं' असं आलं तर ओळख, की देवघरात दिवा लावणं, 'बाळा, दोन घास खाऊन जा' म्हणणं आणि रिअॅक्शन देणं एवढंच काम आहे.

रिअॅक्शनच्या आयांचे दिवस कसे जातात ते तू वहिनी असताना पाहिलं असशील. सकाळी सातचा कॉल. मेकअप, खोपा, गजरा, काठापदराची साडी पिनांनी गच्च. हळदीकुंकवाचा फॅमिली सीन, फ्रेममध्ये अकरा माणसं. मास्टर, म्हणजे सगळ्यांचा एकत्र शॉट, होतो, मग नायिकेचे क्लोज, मग सासूचे, मग खलनायिकेचे तीन अँगलने, त्यातला एक झूम. तुझ्या वाट्याला दोन वाक्यं, त्यातलं एक 'अगं बाई!' ताट हातात धरून तू दिवसभर कंटिन्युइटीत, म्हणजे प्रत्येक शॉटमध्ये तीच जागा सांभाळत, उभी. निरांजन विझलं की आर्टवाला मुलगा येऊन पेटवून जातो. आणि रात्री नऊ वाजता, सगळे गेलेले, समोर सहायक दिग्दर्शक नायिकेची वाक्यं सपाट आवाजात वाचतोय, तेव्हा तुझा क्लोज लागतो आणि त्यात तुझ्या डोळ्यांत टचकन पाणी यायला हवं असतं. तो रात्री नऊचा क्लोज दुपारी तीनइतकाच ताजा देता येणं, हे या धंद्यातलं खरं कसब आहे. ते तुला येतं, नाहीतर इतकी वर्षं तू टिकली नसतीस. पण ते कसब दोन वर्षं कशासाठी खर्च करायचं, हे आधी ठरव.

समज, स्टोरीत दम आहे. तरीही सही लगेच नको.

नटी बाजारात तारखा विकते. अभिनय सगळे गृहीत धरतात, चेहरा मेकअप दादा करून देतो, पण नोव्हेंबरच्या 14 तारखेला तू ठाण्यात असशील की गुहागरला, हे एकदाच विकता येतं. करार म्हणजे तुझ्या दोन वर्षांच्या तारखांचं खरेदीखत आहे, तेव्हा त्यात त्यांनी किती तारखा घेतल्या आणि किती तारखांचे पैसे देणार, हे दोन आकडे शोध. पहिला आकडा सापडेल: सगळ्या. 'एक्सक्लुझिव्ह'चा अर्थ तोच. दुसरा बहुधा सापडणार नाही.

हिशेब करून दाखवते. तुझा दर तू लिहिला नाहीस, म्हणून समजा, दिवसाचे 8,000 रुपये. तोंडी सांगतील, 'महिन्याला 22 दिवस लागतीलच.' म्हणजे 1,76,000. तू मनात फ्रिजही घेऊन टाकशील. मग गुरुवारी रेटिंगचे आकडे येतात, चॅनल म्हणतं, नायक-नायिकेची जोडी चाललीये, घरचा ट्रॅक कमी करा. त्या महिन्यात तुझे सहा दिवस लागतात. 48,000. त्यातून टीडीएस दहा टक्के गेला, काम मिळवून देणाऱ्या को-ऑर्डिनेटरने त्याचे दहा टक्के घेतले. हातात 38,400. उरलेले 24 दिवस तू घरी, आणि दुसरीकडे काम करायची परवानगी नाही. शिवाय हे 38,400 त्या महिन्यात मिळत नाहीत. नव्वद दिवसांचं क्रेडिट ही या धंद्याची जुनी रीत आहे. ऑक्टोबरमध्ये केलेल्या कामाचे पैसे जानेवारीच्या शेवटी. म्हणजे दिवाळी आणि तीन महिन्यांचं भाडं तुझ्या शिलकीतून. मार्चपासून घरी बसलेल्या मुलीकडे शिल्लक किती असणार, ते मी विचारत नाही. पण सही करायच्या आधी तू स्वतःला विचार.

म्हणून पहिली मागणी महिन्याला किमान दिवसांची गॅरंटी. शूट लागो न लागो, तेवढ्या दिवसांचे पैसे. पंधरा माग, बाराला तयार हो. ते म्हणतील, 'आपल्याकडे आईच्या रोलला गॅरंटी नसते.' मग शांतपणे म्हणायचं, 'हरकत नाही, मग एक्सक्लुझिव्ह काढा.' बांधून ठेवायचं तर बांधून ठेवण्याचे पैसे पडतात, यात उद्धटपणा काही नाही.

दुसऱ्या चॅनलवरची दुसरी रोजची मालिका करायची नाही, एवढी अट मी मान्य करीन. ती रास्त आहे, प्रेक्षकांना एकाच संध्याकाळी दोन घरांत दोन मुलगे असलेली तू नको आहेस. पण सिनेमा, नाटक, वेब सिरीज, जाहिरात, डबिंग हे सगळं आगाऊ कळवून करता येईल, असं नाव घेऊन लिहून घे. 'तेवढं आपण अॅडजस्ट करू' हे वाक्य कागदावर नसेल तर ते बोललं गेलंच नाही असं समज. ते वाक्य बोललेली क्रिएटिव्ह सहा महिन्यांत दुसऱ्या चॅनलला गेलेली असते.

नोटीस पीरियड बघ. बऱ्याच करारांत निर्मात्याला तुला केव्हाही काढता येतं आणि तुला मात्र दोन वर्षं हलता येत नाही. दोन्ही बाजूंना एक महिना कर. आईच्या बाबतीत हे जास्तच महत्त्वाचं, कारण रेटिंग पडलं की मालिकेत सगळ्यात आधी कुणाच्या फोटोला हार चढत असेल तर तो आईच्या. (तुझा फ्लॅशबॅक आहे, म्हणजे हार चढल्यावरही अधूनमधून बोलावतील. मेलेल्या आयांना चांगले सीन मिळतात, हे मी गमतीने म्हणत नाहीये.)

आणि लीप. मैत्रिणींनी तुला आईची भीती घातली, त्यांनी लीपची घालायला हवी होती. मालिका रेंगाळली की एका सोमवारी पाटी येते, 'वीस वर्षांनंतर', आणि तू आजी. तेहतिसाव्या वर्षी आई झालीस तर सावरता येतं, चौतिसाव्या वर्षी पांढरा विग घालून काठी टेकलीस तर ते फार जड जातं. तेव्हा करारात एक ओळ हवी: कथानकात लीप आल्यास कलाकाराला मानधन नव्याने ठरवण्याचा किंवा नोटीस देऊन मालिका सोडण्याचा हक्क राहील. ही मागणी अनेकजणींना सुचत नाही आणि मग त्या सेटवर रडतात.

अजून एक तू लिहिलंच नाहीस, सेट कुठे आहे? घोडबंदर, नायगाव, मढ असेल तर मीरा रोडहून ठीक. पण हल्ली मराठी मालिका मुंबईबाहेरही उभ्या राहतात. 'तुझ्यात जीव रंगला' कोल्हापूरजवळ झाली, 'लागिरं झालं जी' साताऱ्याकडे. तुझी साताऱ्याला असेल तर सांगली जवळ, आई खूश, पण मुंबईतली ऑडिशन्स बंद. प्रवासाचे दिवस कोण मोजणार, राहण्याची सोय काय, ट्रॅक नसताना मुंबईला यायचं भाडं कुणी द्यायचं, हे दर ठरवायच्या आधी विचारायचं असतं. शिफ्ट बारा तासांची, आणि पॅकअपपासून पुढच्या कॉलपर्यंत पुरेशी विश्रांती, हेही लिहून घे. रात्री अकराला पॅकअप आणि सकाळी सातचा कॉल असे सलग चार दिवस झाले की चेहऱ्यावर जे दिसतं ते कुठलंच कन्सीलर झाकत नाही.

सगळं मिळणार नाही. गॅरंटी, सिनेमा-नाटकाची मोकळीक आणि लीप या तीन गोष्टींवर अडून बस, बाकीच्यात थोडं सोड.

सिनेमा. रोल छोटा आहे म्हणून तो सोडू नकोस, पण तो खरंच आहे का ते आधी बघ. आपल्याकडे अर्धे सिनेमे फोनवरच रिलीज होतात. निर्माता कोण आहे, पैसे उभे राहिलेत का, तारखा लॉक आहेत का, तुझं पत्र किंवा करार कधी मिळेल, हे दिग्दर्शकाला सरळ विचार. चांगला दिग्दर्शक या प्रश्नांनी दुखावत नाही. तारखा पक्क्या असतील तर मालिकेच्या करारालाच त्या जोडून टाक. सहा नव्हे, दहा दिवस धर, जाण्यायेण्याचे दोन आणि लांबलं तर दोन. मालिकेवाल्यांना हे जड नाही. ऑक्टोबरमध्ये आधीच कळलं तर ते तुझे सीन आधी उरकून एपिसोडची बँक करतील आणि त्या आठवड्यात तुला अष्टविनायकाला पाठवतील. मालिकेतली अर्धी माणसं कुणाच्या तरी सिनेमाच्या तारखांमुळे यात्रेला जातात. नोव्हेंबरमध्ये ऐनवेळी सांगितलंस तर मात्र तू 'डेट्सचा इश्यू असलेली' ठरशील, आणि ते नाव आईच्या शिक्क्यापेक्षा महाग पडतं.

केसांचं दोघांनाही आत्ताच सांग. मालिकेला कानशिलावर पांढरी बट हवी असेल तर ती रोज रंगवून जाणारी असू दे, डाय करून घेऊ नकोस. सिनेमावाला कदाचित भुवया वाढवायला सांगेल, मालिकेवाली हेअर दीदी त्या कोरायला बसेल. मधे तू. आणि आईच्या साडीत दोन वर्षं राहणार असशील तर महिन्यातून एकदा जीन्स-टीशर्टमध्ये, बिनमेकअपची, एक सेल्फ टेप करून ठेव. नाव, उंची, लेफ्ट प्रोफाइल, राइट प्रोफाइल आणि एक मोनोलॉग, दरवेळी नवा. शिक्क्यावर माझ्या माहितीतला हा एकच उपाय आहे. कास्टिंगवाल्याला तू आत्ता कशी दिसतेस हे मालिका बघून कळता कामा नये.

अडकलेले पैसे. माग. काम केलंयस, उधार मागत नाहीयेस. फोनवर मागू नकोस, फोनवर तुला 'अकाउंट्सला सांगतो' मिळेल. ईमेल कर, आणि तीही चार ओळींची: 'नमस्कार. अमुक मालिकेतील माझ्या फेब्रुवारी आणि मार्च महिन्यातील कामाचे, एकूण इतके दिवस, मानधन येणे बाकी आहे. इनव्हॉइस आणि तारखांचा तक्ता सोबत जोडला आहे. नव्वद दिवसांची मुदत संपली आहे. पेमेंट कोणत्या तारखेला होईल ते कृपया लेखी कळवावे.' एवढंच. 'मला फार अडचण आहे' नको, अडचण नसती तरी पैसे तुझेच होते. पंधरा दिवसांनी तीच मेल पुन्हा पाठव. मग सिंटाची सदस्य असशील तर तिथे लेखी तक्रार कर. 1958 पासूनची सिने-टीव्ही कलाकारांची संघटना आहे, थकलेल्या मानधनाच्या तक्रारी त्यांच्याकडे येतच असतात. सदस्य नसशील तर आता हो, आई व्हायच्या आधी. फेसबुकवर लिहायचं असेल तर ते सगळ्यात शेवटी, कारण ते एकदाच करता येतं.

नाव खराब व्हायची भीती मला समजते, पण जरा आजूबाजूला बघ. वेळच्या वेळी इनव्हॉइस पाठवणाऱ्या, शांतपणे मागणाऱ्या नट्यांना काम मिळतंच. काम जातं ते सेटवर तीन तास उशिरा येणाऱ्यांचं, आणि त्यातही सगळ्यांचं जात नाही. तारखांचा तक्ता मात्र हवा. नसेल तर व्हॉट्सअॅपवरच्या कॉल टाइमच्या मेसेजवरून आजच बनव, आणि नव्या मालिकेत पहिल्या दिवसापासून छोटी डायरी ठेव: तारीख, कॉल, पॅकअप, सीन नंबर.

टॅक्सचं, नाही गं, टीडीएस कापला म्हणजे झालं असं नसतं. तो आगाऊ कापलेला भाग. रिटर्न भरावंच लागतं, आणि तुझ्यासारखीचं काम मार्चपासून बंद असेल तर कदाचित परतावाच मिळेल. इन्कम टॅक्सच्या साइटवर तुझ्या पॅनवर कुणी किती जमा केलंय तेही दिसतं. ज्या निर्मात्याने पैसे कापले पण सरकारजमा केले नाहीत, तो तिथे उघडा पडतो. मागच्या प्रॉडक्शनचं तेवढं बघून घे. नट्यांची कामं करणारा एखादा सीए गाठ, प्रवास, कपडे, मेकअपचा खर्च कसा दाखवायचा ते तोच सांगेल. वर्षाची कमाई 20 लाखांवर गेली तर जीएसटीही येतो, तो दिवस येवो.

आईला काय सांगायचं? 'अजून किती दिवस?' या प्रश्नाचं उत्तर तुझ्याकडे नाही, कुणाकडेच नसतं, तेव्हा ते देत बसू नकोस. करार झाला की तिला आकडे सांग: इतक्या दिवसांची गॅरंटी, इतके महिने, पैसे जानेवारीपासून. सांगलीच्या बाईला नाटकाचं वावडं नसतं. विष्णुदास भाव्यांनी 1843 मध्ये तिथेच 'सीतास्वयंवर' केलं, आणि तेव्हा सीतेचं कामही पुरुषच करायचे. तिला वावडं आहे ते तुझ्या अनिश्चित महिन्यांचं, आणि ते रास्त आहे. तिने लग्नाचा विषय काढला असेल, तू लिहिलं नाहीस तरी तो त्या फोनमध्ये असणारच. त्यात मी पडणार नाही. एवढंच सांगते की लग्न हा मालिका न मिळाल्याचा उपाय म्हणून करू नकोस, आणि मालिका मिळाली म्हणून पुढेही ढकलू नकोस.

सेट लागल्यावर तिला एक दिवस घेऊन ये. हळदीकुंकवाच्या सीनच्या दिवशी नको, दमून जाईल.

आता क्रमाने: आज संध्याकाळी सिनेमाच्या दिग्दर्शकाला फोन करून नोव्हेंबरच्या तारखा लेखी माग. त्या आल्याशिवाय मालिकेवाल्यांशी बोलायला तुझ्याकडे काही नाही. मग क्रिएटिव्हला भेट आणि स्टोरीचं विचार. करार मेलवर मागव, ऑफिसमध्ये बसून वाचू नकोस, तिथे चहा येतो आणि माणूस सही करतो. 'दोन दिवसांत देते' म्हण. त्यांनी घाई केली तर घाई कशाची आहे ते विचार. पांढऱ्या बटेची लुक टेस्ट तोवर देऊन टाकायला हरकत नाही.

— तुझी ताई